सळसळ आणि गुरगुर

टक्.

लेटरबॉक्सचं पितळी झाकण एवढंच वाजलं. पण फर्गसला झोपवायला मला पन्नास मिनिटं लागली होती, आणि घरात अशी शांतता पसरली होती की मी स्वतःचा चहासुद्धा घोट न वाजवता पीत होते. झाकण वाजलं, पाळण्यातून एक हुंकार आला, मी श्वास रोखला. हुंकार विरला. मग मी अनवाणी, भिंतीला धरून दारापर्यंत गेले. पायपुसण्यावर एक लिफाफा, लिफाफ्यात एक छोटी किल्ली आणि थ्रिपबाईंची चिठ्ठी.

थ्रिपबाई म्हणजे लिटल हॅदरबीच्या शाळेतल्या निवृत्त बाई. गावातल्या दोन पिढ्या त्यांच्या हाताखालून गेल्या आहेत आणि अजूनही रस्त्यात त्या दिसल्या की पन्नाशीचे गृहस्थ खिशातून हात बाहेर काढतात. सभागृहाबाहेर काचेची दारं असलेला एक लाकडी फळा आहे. त्यावर थ्रिपबाई दर शनिवारी एक दुर्मिळ शब्द लावतात. शब्द, उच्चार, अर्थ. सकाळी अकराला सभागृहात कॉफी असते, तिथे तो शब्द मोठ्याने वाचायचा, सगळ्यांनी "वा" म्हणायचं आणि केक घ्यायचा. सव्वीस वर्षं हे असंच चाललंय.

चिठ्ठीत लिहिलं होतं: 'टॅम्सिन, खुब्याचं ऑपरेशन अखेर सोमवारी ठरलं. सहा आठवडे मी नाही. फळा तू सांभाळ, त्याची किल्ली सोबत आहे. सहा शब्द बुटांच्या खोक्यात काढून ठेवलेत, खोकं तुझ्या मागच्या दाराशी आहे. डॉक्टरांनी उत्तेजित व्हायचं नाही असं बजावलंय, तेव्हा शब्दांबद्दल मला काहीही विचारू नकोस. एक लक्षात ठेव. कौन्सिलच्या ठरावाप्रमाणे एकही लेखी तक्रार आली तर फळा उतरवायचा आहे. सव्वीस वर्षांत आलेली नाही. मला परत यायला कारण हवं, ते शाबूत ठेव.'

शेवटचं वाक्य मी दोनदा वाचलं. थ्रिपबाईंना ना नवरा, ना मूल, ना मांजर. त्या भूल उतरल्यावर डोळे उघडणार त्या या फळ्यासाठी.

आणि खरं सांगायचं तर मलाही तो हवा होता. माझ्याकडे इंग्रजी साहित्याची पदवी आहे. द्वितीय श्रेणीतली असली तरी पदवी आहे. पण गेली चार वर्षं दिवसभरात माझ्या तोंडून निघणारे शब्द म्हणजे 'नको', 'थुंक', 'ते कुत्र्याचं आहे'. सहा आठवडे का होईना, गावाने मला शब्द जाणणारी बाई म्हणून पाहावं असं मला फार वाटत होतं.

पहिली अडचण कौन्सिलची. फळ्यावर दुसऱ्या कुणाच्या हातचा कागद लावायचा तर कारकून कॉपथॉर्नसाहेबांची परवानगी लागते. मी फर्गसला कडेवर आणि चार वर्षांच्या ब्रायनीला हाताला धरून त्यांच्याकडे गेले.

"फळा कौन्सिलचा," कॉपथॉर्नसाहेब फाइल उघडत म्हणाले. "काच महिला मंडळाची. भिंत चर्चची. तुम्ही परवानगी नेमकी कशाची मागताय?"

"मला फक्त एक कागद लावायचाय."

"कागद कशाला लागणार? लाकडाला की काचेला?"

"टाचणीने. लाकडाला."

"मग आमच्याकडेच." त्यांना हायसं वाटलेलं दिसलं. "टाचणी कुणाची?"

'हस्ताक्षरातील तात्पुरता बदल' असा अर्ज तीन प्रतींत भरून मी घरी आले तेव्हा दुपारचे दोन वाजले होते आणि फर्गसने पहिल्या प्रतीचा कोपरा खाल्ला होता.

आता त्या खोक्याविषयी. थ्रिपबाईंची पद्धत अशी की शब्द आणि उच्चार एका कार्डावर, अर्थ दुसऱ्या कार्डावर, आणि दोन्ही एका क्लिपेने जोडलेली. का, तर पूर्वी वर्गात मुलांना जोड्या लावायला द्यायच्या, ती सवय. मी फर्गसचं दूध गरम करायला गेले. परत आले तर ब्रायनी जमिनीवर बसली होती आणि तिच्या गळ्यात क्लिपांची माळ होती.

"आई, बघ, मी राणी!"

राणीसाहेबांभोवती बारा कार्डं पसरली होती.

मी रागावले नाही. एक तर माळ तिला खरंच शोभत होती. दुसरं म्हणजे सहा शब्द आणि सहा अर्थ, पदवीधर बाईला जोड्या लावता येऊ नयेत? घरातल्या शाळकरी शब्दकोशात यातला एकही शब्द नव्हता. फिरत्या वाचनालयाची गाडी एक बुधवार आड येते, पण तिचा आस मोडला होता. उरली माझी बुद्धी. मी कार्डं स्वयंपाकाच्या टेबलावर मांडली आणि विचार करू लागले.

'क्विडनंक' सोपा होता, तो मला ठाऊक होता: सतत नवी बातमी हुंगत फिरणारा माणूस. मग आला 'बॉर्बोरिग्मस'. काय भारदस्त शब्द! उच्चारला की एखाद्या ओकच्या रानातून चालल्यासारखं वाटतं. समोर एका कार्डावर 'झाडांमधून वाहणाऱ्या वाऱ्याची सळसळ' होतंच. दुसरीकडे 'सिथ्युरिझम' नावाचा शब्द होता. त्याच्या सुरुवातीला एक आगाऊ 'प' लिहिलेला, आणि शेवट र्‍हुमॅटिझमसारखा. म्हणजे आजारच. शेजारी 'आतड्यांतून वायू फिरल्यामुळे पोटात होणारी गुरगुर'. आजाराला आजार, वाऱ्याला भारदस्तपणा. मी समाधानाने क्लिपा लावल्या. ब्रायनीकडून त्या परत मिळवायला दोन बिस्किटं लागली.

पहिला शनिवार. मी फळ्यावर 'क्विडनंक' लावला आणि अकराला वाचून दाखवला. अर्थ अगदी बरोबर होता, आणि तोच नडला. आमच्या शेजारच्या ऑलरेनशॉबाई कपावरून माझ्याकडे बघत राहिल्या.

"छान शब्द आहे हो," त्या म्हणाल्या. "कुणाला उद्देशून होता?"

"कुणालाच नाही. थ्रिपबाईंनी निवडलाय."

"नाही, मी आपलं विचारलं. परवा तुमच्याकडे नळवाला आला होता ना, त्याबद्दल मी फक्त एकदाच विचारलं होतं."

"चारदा," ब्रायनी म्हणाली.

पुढचा आठवडाभर ऑलरेनशॉबाईंनी मला काही म्हणजे काही विचारलं नाही. त्यांचं वजन घटलं असावं.

दुसऱ्या शनिवारी 'बॉर्बोरिग्मस'. मी नीट उभी राहून, फर्गसला कमरेवर टेकवून म्हटलं, "झाडांमधून वाहणाऱ्या वाऱ्याची सळसळ." सभागृहात क्षणभर शांतता पसरली. ती शांतता मी कौतुकाची समजले. मग पाद्री एल्डरकिनसाहेबांनी घसा साफ केला आणि म्हणाले, "वा! किती समर्पक." त्यांच्यामागोमाग सगळे "वा" म्हणाले. मी घरी येताना रस्ताभर तरंगत होते. त्या रात्री मी नवऱ्याला म्हटलं, "हम्फ्री, मी अजून संपलेले नाहीये." तो म्हणाला, "कॉफी संपलीये मात्र."

दुसऱ्या दिवशी, रविवारी, पाद्रीसाहेब प्रवचनात म्हणाले, "मंडळी, काल संध्याकाळी मी चर्चच्या आवारात बसलो होतो. वर लिंडनच्या फांद्या, आणि चहूकडे बॉर्बोरिग्मस. देवाचं सान्निध्य याहून वेगळं काय असतं?" मागच्या बाकावर कुणीतरी खोकलं. बराच वेळ खोकलं. माझे डोळे मात्र भरून आले. माझा शब्द व्यासपीठावर पोचला होता.

तिसऱ्या शनिवारी 'सिथ्युरिझम' लावायचा होता. थ्रिपबाईंनी उच्चार लिहिला होता तो त्यांच्या स्वतःच्या खुणांत: एक टिंब, दोन आडव्या रेघा आणि एक आकडा. ते त्यांच्याशिवाय कुणाला कळत नाही. सभागृहात त्या दिवशी अठरा माणसं होती आणि त्या अठरांपैकी एकाने तरी तो शब्द तोंडाने उच्चारलेला ऐकला असेल का, याची मला शंका होती. आपल्याकडे असे शब्द मनातल्या मनात वाचायचे असतात. म्हणायची वेळ आली की माणूस केकची प्रशंसा करतो.

पण मला म्हणायचाच होता. मी लिहिलंय ते सगळं उच्चारायचं ठरवलं आणि 'प'वर जोर देऊन म्हटलं, "प्सिथ्युरिझम! पोटातली गुरगुर."

"प्सिथ्युरिझम," सगळे म्हणाले. पहिल्या रांगेत केकचे कण उडाले. ऑलरेनशॉबाईंनी कार्डिगन झटकलं आणि विषय एकदम जवळचा वाटल्यामुळे माझ्यावरचा राग विसरल्या.

"म्हणजे मला जे होतं तेच की गं! कोबी खाल्ला की. इतकी वर्षं मला नाव माहीत नव्हतं."

सोमवारी त्या दवाखान्यात गेल्या. तिथे नवे तरुण डॉक्टर आले आहेत. पुढचं मला कुंपणावरून समजलं.

"मी सरळ सांगितलं, डॉक्टर, मला प्सिथ्युरिझम आहे."

"मग?"

"मग काय, मान हलवली त्यांनी. म्हणाले, किती दिवसांपासून? मी म्हटलं, पंधरा वर्षं. म्हणाले, हो, तो तसा चिवट असतो. पेपरमिंटचं पाणी दिलं. हुशार आहे हो मुलगा, पुस्तकसुद्धा उघडावं लागलं नाही."

एवढं सगळं सुरळीत चाललेलं असताना चौथ्या शनिवारी ट्रेंचर्डसाहेब आले. हे लंडनचे. त्यांनी जुनी बेकरी विकत घेतली आहे आणि शनिवार-रविवार इथे असतात. माझ्या बाळाला दात येत होते, तीन रात्री डोळ्याला डोळा लागला नव्हता, म्हणून मी त्या आठवड्यात नवा शब्द लावलाच नव्हता. आधीचाच पुन्हा वाचला. ट्रेंचर्डसाहेब उभे राहिले आणि अगदी स्पष्ट, सगळ्या सभागृहाला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाले,

"माफ करा, पण हे चूक आहे. त्यातला 'प' उच्चारत नाहीत, आणि त्याचा अर्थ झाडातली सळसळ. गुरगुर म्हणजे बॉर्बोरिग्मस. तुम्ही दोन्हीची अदलाबदल केलीये."

कुणाचा तरी चमचा बशीत पडला. अठरा माणसं अठरा दिशांना बघू लागली. शेवटी ऑलरेनशॉबाई उठल्या आणि त्यांनी ट्रेंचर्डसाहेबांना केक दिला. सगळ्यात छोटा तुकडा. आमच्या गावात याहून कठोर काही करत नाहीत.

मी घरी आले, फर्गसला पाळण्यात ठेवलं आणि ओट्याशी उभी राहून रडले. बुधवारी वाचनालयाची गाडी एकदाची दुरुस्त होऊन आली. तिच्यातला मोठा कोश उघडला. ट्रेंचर्डसाहेब बरोबर होते. म्हणजे पाद्रीसाहेबांनी भर प्रवचनात लिंडनच्या झाडाखाली देवाच्या सान्निध्यात पोटं गुरगुरवली होती, आणि ती माझ्यामुळे.

पण ते सोसलं असतं. खरी आपत्ती त्याच संध्याकाळी कॉपथॉर्नसाहेबांच्या रूपाने दारात उभी राहिली. हातात कागद होता.

"लेखी तक्रार आलीये," ते माझ्या नजरेला नजर न देता म्हणाले. "मिस्टर ट्रेंचर्ड. टाइप केलेली. उद्याच्या बैठकीत ठेवावी लागेल."

"म्हणजे फळा जाणार?"

"ठराव तसा आहे." त्यांनी कागदाची घडी घातली. "बाळाचे दात कसे आहेत?"

"आला एक," मी म्हटलं.

"वा," ते म्हणाले आणि निघून गेले.

मला हॉस्पिटलच्या पलंगावर बसलेल्या थ्रिपबाई दिसू लागल्या. त्या कुबडीवर चालायला शिकत होत्या. ऑलरेनशॉबाई भेटून आल्या होत्या, त्या सांगत होत्या की नर्सने 'आज दाराइतकं चाललात तरी पुरे' म्हटलं तेव्हा बाई म्हणाल्या, "फळ्याइतकं." आणि आता त्या चालत येणार आणि भिंतीवर चार स्क्रूंची भोकं बघणार.

मी ठरवलं, सगळं कबूल करायचं. फळ्याचा दोष नाही, थ्रिपबाईंचा नाही, माझा आहे. हवं तर मला गावातून काढा. गुरुवारी संध्याकाळी पाच वाजता दोन्ही मुलांना घेऊन बैठकीला गेले. गावची कधी नव्हे इतकी माणसं आली होती. ट्रेंचर्डसाहेब मात्र लंडनला होते.

कॉपथॉर्नसाहेबांनी तक्रार वाचली. त्यांचं वाचून होताच मी उठले.

"तक्रार खरी आहे," मी म्हटलं. "कार्डं माझ्याकडून मिसळली. मी अर्थ अंदाजाने लावले. दोन्ही चुकलेत."

एक बाई खिडकीबाहेर बघत म्हणाल्या, "यंदा डेलिया लवकर फुललेत, नाही?"

"हो, फारच," दुसऱ्या म्हणाल्या.

"ऐकलंत का?" मी जोरात म्हटलं. "मी चुकले!"

"टॅम्सिन, बस, पोरी," पाद्रीसाहेब हळूच म्हणाले. "बाळ दमलंय."

बाळ मजेत माझं बटण चोखत होतं. कॉपथॉर्नसाहेबांनी चष्मा पुसला, परत लावला.

"मला एक शंका आहे," ते म्हणाले. "फळा कौन्सिलचा. काच महिला मंडळाची. भिंत चर्चची. टाचणी..." त्यांनी माझा तीन प्रतींतला अर्ज पाहिला, "...अर्जदाराची. तक्रार यांपैकी कशाविरुद्ध आहे?"

"अर्थाविरुद्ध," कुणीतरी म्हणालं.

"तेच म्हणतोय मी. शब्दांचे अर्थ या कौन्सिलच्या हद्दीत येतात असा एकही ठराव मला सापडला नाही. मी पहिल्या वहीपासून सगळ्या चाळल्या. तेव्हा ही तक्रार आपल्याकडे आलेली आहे असं मला म्हणता येत नाही."

"म्हणजे ती आलीच नाही?" ऑलरेनशॉबाईंनी विचारलं.

"आली असती तर दिसली असती," कॉपथॉर्नसाहेब म्हणाले आणि कागद फाइलखाली सरकवला.

तक्रार आलीच नाही, यावर सगळे हात वर गेले. एकच अट निघाली. थ्रिपबाई येईपर्यंत फळ्यावरचं काही म्हणजे काही बदलायचं नाही, कारण आत्ता बदललं तर तक्रार मिळाली होती असा अर्थ निघेल. म्हणजे मला माझी चूक सुधारायचीसुद्धा बंदी. 'प्सिथ्युरिझम: पोटातली गुरगुर' हे कौन्सिलच्या संरक्षणाखाली आलं.

बाहेर आल्यावर मी पाद्रीसाहेबांना गाठलं. एक गोष्ट आत खुपत होती.

"तुम्हाला माहीत होतं ना? बॉर्बोरिग्मस म्हणजे काय ते?"

ते हॅट फिरवत राहिले. "पाद्री व्हायला सेमिनरीत शिकत होतो, तिथे आमच्या शेजारच्या खोलीत एक जण होता. त्याला फार व्हायचं. हो, माहीत होतं."

"मग प्रवचनात कशाला म्हणालात?"

"अगं, तू इतकी आनंदात होतीस. बाळ कडेवर, डोळ्यांखाली वर्तुळं, आणि कशी ताठ उभी राहून वाचत होतीस. लोक आपसात कुजबुजायच्या आत कुणीतरी तो शब्द तसाच वापरायला हवा होता. मला व्यासपीठ आहे, मी वापरला."

"आणखी कुणाकुणाला माहीत होतं?"

"मोजलं नाही, पोरी. मोजणं बरं दिसलं नसतं."

मी घरापर्यंत विचार करत गेले. डॉक्टरांना खरंच ठाऊक नव्हतं, की होतं? ते खोकणारे मागच्या बाकावरचे गृहस्थ? या गावात मी सहा वर्षं राहतेय. माझा ॲपल पाय सगळे मिटक्या मारत खातात. गावातल्या एका लग्नात मी गायले होते तेव्हा सगळे "वा" म्हणाले होते. एकदा हा विचार सुरू झाला की थांबतच नाही. मी हम्फ्रीला विचारलं, "माझा ॲपल पाय चांगला असतो ना?" तो म्हणाला, "तुझ्या ॲपल पायची सर कशालाच नाही." पूर्वी मला हे उत्तर वाटायचं.

सहाव्या शनिवारी थ्रिपबाई आल्या.

पाद्रीसाहेबांच्या गाडीतून उतरल्या, कुबडी टेकली आणि कुणाचाही हात न घेता फळ्याच्या दिशेने निघाल्या. बावीस पावलं. सगळा गाव सभागृहाच्या दारात उभा राहून ढगांकडे बघत होता. मी फळ्यापाशी उभी होते, फर्गस माझ्या खांद्यावर झोपला होता आणि ब्रायनी माझ्या स्कर्टला धरून होती. किल्ली मी आधीच कुलपात घालून ठेवली होती, म्हणजे बाईंना लगेच कार्ड बदलता येईल.

थ्रिपबाई पोचल्या. थोडा वेळ नुसता श्वास घेत राहिल्या. मग काचेच्या फ्रेमवर हाताचा पंजा ठेवला, घोड्याच्या मानेवर ठेवतात तसा. फळा जागेवर होता. मग चष्मा काढून लावला आणि कार्ड वाचलं. एकदा. पुन्हा एकदा. या बाईंनी आयुष्यभर लाल पेन्सिल कानावर ठेवली आहे. हॅदरबीतल्या प्रत्येक माणसाला त्यांनी निदान एकदा तरी सगळ्यांसमोर दुरुस्त केलंय.

"थ्रिपबाई," मी म्हटलं, "मला तुम्हाला काही सांगायचंय."

"नको," त्या म्हणाल्या.

त्यांचा चेहरा काचेत दिसत होता, आणि काचेत आकाशही होतं, त्यामुळे काही नीट कळत नव्हतं.

"अक्षर फार वळणदार आहे हो तुझं," त्या म्हणाल्या. "विशेषतः मोठा 'प'."

आणि किल्ली कुलपात तशीच ठेवून, कुबडी वळवून त्या कॉफीच्या दिशेने चालू लागल्या. दारातली गर्दी आनंदाने बाजूला झाली. आतून कपबशांचा आवाज सुरू झाला.

ब्रायनीने माझा स्कर्ट ओढला. ती अजून त्यांच्या पाठीकडे बघत होती, कपाळाला आठी घालून.

"आई, माणसं गप्प बसतात ना, ती माहीत असतं म्हणून, की माहीत नसतं म्हणून?"